कौतिकच्या नावाची मूठ

"आजपाइन मना नावनी मूठ काढू नको, वहिनी!" कौतिक ओरडला. आमची नि त्यांची भिंत एकच. मी भाकरी थापत होते, हात थांबला.

"मूठ कानबाईनी शे, भाऊ. तुले इचारीसन काढू का?" ही सुगंधाबाई, त्याची थोरली भावजय.

तिची सासू, म्हणजे कौतिकची आई, वारली तेव्हा तो सुरतहून निघालेला. वैशाखाचं ऊन, सुगंधाबाईनं त्याची वाट न बघता सासूला उचलायला लावलं. त्याला नुसती राख दिसली. असा भांडून तो भडगावला गेला तो गेलाच, आमच्या पाचोऱ्याकडे फिरकला नाही.

श्रावणात आमच्याकडे कानबाई देवी बसते. घरातल्या एकेका पुरुषाच्या नावानं नैवेद्याच्या रोटाचे गहू मूठ-मूठ काढायचे नि तो रोट भाऊबंदांतच संपवायचा, परक्याला घास नाही. सुगंधाबाई कौतिकची मूठ काढायचीच, नि त्याचा वाटा स्वतः खायची. म्हणायची, "दीर रुसना नि मी फुगनू."

मग गल्लीतल्या बाया तिच्या ओट्यावर जमायच्या. ती दोन भावांची गोष्ट सांगायची. सुना टीव्हीवरची मालिका सोडून यायच्या, आता बोला! मी एकदा म्हटलं, "अक्का, कधी वाघाची सांग की."

"वाघ मरना की गोष्ट सरनी. भाऊ रुसना की सरत नही."

गोष्टीतली थोरली भावजय दर साली जरा जास्तच वाईट व्हायची. धाकल्यासाठी बाया डोळे पुसायच्या, थोरलीला शिव्या घालायच्या. सांगणारी आपली गालात हसायची. पुढे काय झालं विचारलं, तर म्हणे, "ते धाकल्याले इचारा."

माझी नातसून पुनम भडगावची. तिनं माहेरी ती गोष्ट सांगितली. शेजारच्या ओट्यावर एक म्हातारा ऐकत होता. तो कौतिक, हे हिला कुठं ठाऊक? गोष्ट थांबल्यावर तो म्हणाला, "थोरली इतली वाईट नव्हती, पोरी."

पुढच्याच श्रावणात तो भावजयीच्या दारात उभा राहिला. सुगंधाबाईला तोवर दम लागायला लागला होता.

"वहिनी, मनी मूठ?"

"काढेल शे."

त्यानं दळणाचा डबा उचलला. "गिरणीवर मी जास."

"तू पाय धू. बस." तिनं डबा काढून घेतला.

नेहमीसारखी माझ्या दाराशी टेकली, श्वास घेतला. म्हणाली, "औंदा मी बारीक व्हसू." नि डबा कमरेवर घेऊन गिरणीकडे वळली. तेच तिचं शेवटचं दळण.