वगळलेल्या चाली

माझे बाबा वीज खात्यात कारकून होते आणि स्वतःच्या मते संगीत नाटककार. त्यांचं एकही नाटक रंगमंचावर आलं नाही. पण हिंदी मुलखातल्या आमच्या शहरात, स्नेहलतागंज मोहल्ल्यातल्या घराच्या पुढच्या खोलीत महिन्यातून एका रविवारी दुपारी गाणं व्हायचंच. स्टेशन जवळ, त्यामुळे बाहेरगावचे गवई आमच्याकडेच उतरत. आई पोहे करून करून वैतागायची आणि तंबोरा लागला की हात पुसत दारात येऊन बसायची.

त्या बैठकीत बाबांनी आपलं पद कधी कुणाला गायला लावलं नाही. "यजमानाने स्वतःचंच गाऊन घ्यायचं? शोभत नाही," म्हणायचे. मी त्याला भित्रेपणा म्हणायचे, तेही तोंडावर.

जुन्या नाटककारांसारखे ते आधी चाल धरायचे, मग तिच्यात शब्द बसवायचे. चाल कुठली, हे पदाच्या डोक्यावर लिहायची रीत. बाकीचे नावाजलेल्या गाण्यांच्या चाली घेत. बाबांच्या वहीत भलतंच असे. 'चाल: सांवेरच्या बायकांचं, वरात निघतानाचं.' 'चाल: मानपुरच्या चहावाल्याचं भजन.' नोकरीत फिरताना कानावर पडलेलं त्यांनी असं जमवलं होतं. स्वरलिपी त्यांना येत नव्हती. चाल डोक्यात आणि ती एक ओळ वहीत, एवढंच.

ते पंच्याहत्तरीला आले तेव्हा मी त्यांचं पुस्तक काढलं. टाइप मीच केलं आणि त्या ओळी सरळ गाळल्या. कारण सांगायला लाज वाटते. माझ्या ऑफिसातले लोक पुस्तक हातात घेणार आणि प्रत्येक पदावर कुणा चहावाल्याचं नाहीतर वरातीतल्या बायकांचं ऋण. सगळं उसनं वाटेल, असं मला वाटलं. बाबांना विचारलं नाही. पुस्तक आलं तेव्हा त्यांनी पानं उलटली, मग पुन्हा पहिल्यापासून उलटली.

"चाली नाही टाकल्या?"

"आजकल कोणी नाही टाकत, बाबा. छान दिसतं ना असं?"

"दिसतं छान," ते म्हणाले. त्या दिवाळीच्या रंगकामात वह्या रद्दीत गेल्या. त्याही मीच दिल्या.

दोन वर्षांनी बाबांना अर्धांगाचा झटका आला. बोलणं दोन-तीन शब्दांवर आलं. दुसऱ्याचं बोलणंही त्यांना अर्धवटच कळे. सूर मात्र पक्का कळायचा. रेडिओवर कुणी बेसूर झालं की तोंड वाकडं करायचे. एके सकाळी पुस्तक छातीशी धरून म्हणाले, "एकदा... गाणं." जन्मभर जे मागितलं नाही, ते मागत होते.

मागच्या गल्लीत गाणं शिकवणारी एक मुलगी आनंदाने तयार झाली. पुस्तक चाळून म्हणाली, "ताई, पदं तो बढिया आहेत. पण चाल कोणती? मतलब, बाबांनी काही तर धरलं असेल ना?"

मी तिला बाबांसमोर बसवलं. त्यांनी तोंड उघडलं. एकच घोगरा सूर, वर जाईना की खाली येईना. तीनदा प्रयत्न केला आणि मग गादीवर थापट मारली. मी सांवेरला दोन चकरा मारल्या. "अब तो डीजे बजता है, दीदी," म्हणून बायका हसल्या. मानपुरात टपऱ्या पुष्कळ, पण त्या जुन्या चहावाल्याचं भजन कुणाला आठवेना. स्वतःचा इतका राग मला कधी आला नव्हता.

शेवटी त्या मुलीनेच नव्या चाली बांधल्या. रविवारी दुपारी वीसेक माणसं आली. बाबांना खुर्चीत पुढे बसवलं. ती पाच पदं गायली आणि खरंच सुरेख गायली. बाबा डाव्या हाताने ताल धरून ऐकत होते. चांगल्या जागेला मान डोलवत होते, बाहेरगावच्या गवयाला देत तशीच दाद देत होते. मला वाटलं, चला, निभावलं.

मंडळी उठली, चपला शोधू लागली. मी खुर्चीशी वाकून विचारलं, "आवडलं?" त्यांनी मान हलवली. मग दाराकडे निघालेल्या माणसांकडे बघून ते घाबरले आणि त्यांनी माझा दंड घट्ट धरला.

"माझं... कधी?"

"पुढच्या रविवारी, बाबा," मी म्हटलं.