केटकडे ठेवलेला विस्तव

आयर्लंडमधल्या मेयोतलं घर सोडताना साबिनाने आपल्या चुलीतले निखारे चिमट्याने उचलून शेजारच्या केटच्या चुलीत ठेवले होते. आमच्याकडे गाव सोडणारे तसंच करतात. शेजारीण तो विझू देत नाही; परत आलं की तिथूनच विस्तव आणून आपली चूल पेटवायची.

इंग्लंडात, हडर्सफील्डच्या लोकरीच्या गिरणीत साबिनाची बावीस वर्षं गेली, पण खोलीला तिने पडदे शिवले नाहीत. “जायचंच तर आहे,” म्हणायची. रविवारी चर्चमधली मिस्सा सुटली की गावाकडून आलेल्या प्रत्येकाला विचारायची, “केटकडे आमचा विस्तव आहे ना?”

“आहे गं बाई! तुझ्यापेक्षा तोच धडधाकट आहे,” तिच्याच गावची, त्याच गिरणीत कामाला असलेली मी चिडवायचे.

एका रविवारी चर्चच्या दारात बॅग घेऊन केटच उभी दिसली.

“अगं, तू इकडे? मग चूल कोण बघतंय?” साबिनाने विचारलं.

“पोरं सगळी इकडे आली. एकटीने किती दिवस काढायचे?” केट खाली बघत म्हणाली. “निघताना विस्तव ठेवायला वाडीभर फिरले. एकाही घरात माणूस उरलं नव्हतं गं.”

साबिनाने तिची बॅग उचलली आणि दोघी खोलीकडे गेल्या. मी परत आत जाऊन मेणबत्ती लावली, पण देवाकडे काय मागावं तेच सुचेना.