पडद्यावरच्या पोरींचं माहेर

उभ्या रत्नागिरीत इतका खोटारडा आणि इतका प्रेमळ माणूस मी दुसरा पाहिला नाही. माझ्या आत्याचे हे धाकटे दीर, आम्हा पोरांचे काका, तंबूतल्या मुक्या सिनेमाला पडद्याशेजारी उभे राहून मधेमधे येणाऱ्या संवादांच्या पाट्या वाचून दाखवायचे. वाचायचे कसले, मनाला येईल ते ठोकून द्यायचे! तेव्हाच्या सिनेमात कोठा हमखास असायचा. नवाब लोडाला टेकलेला, नायकीण पेला भरतेय, आणि मागे पाच-सहा पोरी दुकानातल्या बरण्यांसारख्या मांडून ठेवलेल्या. लोकांचं लक्ष त्यांच्या कमरेवर, काकांचं मात्र तोंडांवर. "ही कोपऱ्यातली मालगुंडची," ते सुरू करायचे, "बापाचं होडकं बुडालं हिच्या. आन पंखा हलवते ना, ती गुहागरची. सकाळपासून चा पन नाय पोटात." शिट्ट्या बंद पडायच्या, बायकांच्या बाजूने नाकं ओढल्याचे आवाज यायचे, आणि मजा मारायला आलेले खलाशी मान खाली घालून बाहेर पडायचे. तंबूचा मालक कपाळावर हात मारून घ्यायचा. एकदा एक वकीलसाहेब उठून ओरडले, "अहो, पाटीवर 'या, दिलवर' असं लिहिलंय!"

"लिवलंय खरं," काका शांतपणे म्हणाले, "पन तिचं तोंड बघा. ती तसं बोलत नाय."

याचं मूळ मला आत्याने सांगितलं. काकांची थोरली बहीण घरकामासाठी म्हणून आगबोटीने मुंबईला गेली. दोन पत्रं आली, मग तीही थांबली. पुढे कुणीतरी बातमी आणली, की ती सिनेमात कोठ्यावर बसलेली दिसली. वडिलांनी जित्या लेकीच्या नावाने आंघोळ केली, सगळ्या घराला करायला लावली. एरवी दिवसातून दोनदा समुद्रात डुंबणाऱ्या काकांनी मात्र आठ दिवस अंगाला पाणी लागू दिलं नाही. नवव्या दिवशी ते तंबूत नोकरीला लागले. प्रत्येक नव्या सिनेमात आधी मागच्या पोरी निरखायचे. बहीण कधी दिसली नाही. "ती मिळंपर्यंत ह्या पोरींना तरी कोन हाय?" असं ते आत्याला म्हणायचे.

बोलपट आले आणि काकांची नोकरी गेली. मला वाटलं, आता खचतील. तर एका दुपारी थेटरात शेवटच्या बाकावर डोळे मिटून बसलेले दिसले.

"काका, झोपलात होय?"

"गप ऱ्हा. आता त्या सोता बोलनार. इतक्या वर्षांत तोंड बदललं असंल तिचं, पन आपल्याकडचा हेल जात नाय."

पडद्यावर कोठा आला. नवाब बोलला, नायकीण बोलली, तबलजीसुद्धा बोलला. मागच्या पोरींना एकही वाक्य नव्हतं. काका खेळ संपेपर्यंत कान देऊन बसले होते.

मला तो मुका सिनेमा फार आठवतो. त्यात त्या पोरी बोलायच्या.