पुसून टाकलेली घरं

मला घाण सहन होत नाही. आजही होत नाही आणि तेव्हा तर मुळीच व्हायची नाही. तरीही कॉलेजच्या वर्षांत मी सगळ्यात जास्त वेळ घालवला तो एका घाणेरड्या घराकडे बघण्यात. ते घर कॉम्प्युटरच्या आत होतं.

दोन हजार सालानंतरची ती दोन-तीन वर्षं. नाशिकच्या मखमलाबाद रस्त्याला आमचा मळा. वडील गुलाब, शेवंती आणि थोडी भाजी करायचे. कॉम्प्युटर घेतला तो माझ्या बी.कॉम.साठी, असं सगळ्यांना सांगितलेलं. आईनं त्याला जुन्या साडीचं कव्हर शिवलं होतं आणि मातीच्या पायांनी त्या खोलीत यायला वडिलांनाही बंदी होती. कॉलेज रोडच्या एका दुकानातून मी कॉपी केलेली सीडी आणली. त्या गेममध्ये मारामारी नव्हती की गाड्या नव्हत्या. एक घर बांधायचं, त्यात माणसं ठेवायची आणि ती जगवायची, एवढंच. त्यांना भूक लागे, झोप येई, संडासला लागे, एकटं वाटे. प्रत्येक गोष्टीची एक पट्टी असायची. बरं चाललं असेल तर हिरवी, बिघडलं की लाल.

आणि काय ती माणसं! जेवण झालं की ताट जमिनीवर ठेवून चालू लागायची. मी सांगितल्याशिवाय उचलायची नाहीत. दोन-तीन ताटं साठली की माश्या घोंघावायला लागायच्या, आणि तो आवाज स्पीकरमधून स्पष्ट ऐकू यायचा. वेळेवर संडासात पाठवलं नाही तर उभ्या उभ्या तिथंच, आणि मग त्याच ओल्यातून पाय टाकत नोकरीला. शेवंतीच्या कुजलेल्या पाण्याच्या पिंपात हात घालून मोठी झालेली मुलगी मी, पण त्या चित्रातल्या माश्यांनी माझं जेवण उडायचं.

मग माझा एकच उपाय असायचा. सगळं घर पुसून टाकायचं. डिलीट दाबायचं, ‘खात्री आहे का’ असं विचारलं की हो म्हणायचं, की समोर कोरी हिरवीगार जमीन. नवीन फरशी, नवीन ओटा, नवीन बाई, नवीन बुवा. पहिला दिवस काय झकास जायचा! नव्याचे नऊ दिवस म्हणतात, पण माझ्या घरांना नऊसुद्धा कधी भरले नाहीत. पुन्हा ताटं, पुन्हा माश्या, पुन्हा डिलीट. अशी किती घरं मी पुसली त्याची गणती नाही.

याच दिवसांत ताई घरी परत आली. ताई म्हणजे माझी मोठी बहीण. तिला चांदवडकडे दिली होती. कांद्याचं मोठं उत्पन्न, भरलेलं घर, गावात मान. तिथं ती दीड वर्ष नांदली. मारहाण नव्हती, दारू नव्हती, कुणी काही मागत नव्हतं. नवरा तिच्याशी बोलायचा नाही, इतकंच. लग्नाच्या दुसऱ्या दिवसापासून नाही. मजुरांशी बोलायचा, बैलांशी बोलायचा, मार्केटात उभ्या उभ्या व्यापाऱ्यांशी हुज्जत घालायचा. ताईशी नाही. भाजी हवी असली की रिकामी वाटी बोटानं तिच्याकडे सरकवायचा. तिनं काही विचारलं तर भिंतीकडे बघायचा. सासू म्हणायची, होईल सवय.

“मला माझाच आवाज परका वाटायला लागला होता,” ताई आल्या आल्या आईला म्हणाली. “म्हणून निघाले.”

ती बोटानं सरकवलेली वाटी ऐकली तेव्हा मला जी शिसारी आली ती अजून गेलेली नाही. एखाद्याला शिव्या देणारा माणूस मी समजू शकते. पण रोज दोन वेळा वाटी सरकवणारा?

वर्षभरात समजुतीनं फारकत झाली आणि आमच्या घरात आत्याचं राज्य सुरू झालं. आत्या म्हणजे वडिलांची थोरली बहीण. सोयरिकी जुळवणं हा तिचा हातखंडा. ओसरीवर बसून फुलांच्या जुड्या बांधता बांधता तिनं निकाल देऊन टाकला.

“झालं गेलं गंगेला मिळालं. हे लगीन झालंच नव्हतं, असं धरायचं. झाकली मूठ सव्वा लाखाची.”

आमच्या नाशिकला गोदावरीलाच गंगा म्हणतात, त्यामुळे आत्याला हे मिळवणं अगदी हाताशी वाटत असावं. तिनं ते खरोखरच करायला घेतलं. फोटोंचा अल्बम माळ्यावर गेला. संसाराच्या भांड्यांवर लग्नात कोरून घेतलेली नावं होती. ती भांडी भांडीबाजारात नेऊन घासून आणली. नावाच्या जागी पांढुरके ओरखडे उठले, आणि त्या ताटांत आम्हाला वाढलं जाऊ लागलं. मी जेवताना ताटाच्या काठाकडे बघायचं टाळायचे.

मग त्र्यंबकेश्वर. ताईच्या पत्रिकेत काहीतरी निघालं होतं, त्याची शांती करायची होती. आत्यानं तिला लग्नातला शालू नेसवला. ते पाहून मला वाटलं, हिला वेड लागलंय. पण त्यात तिचा हिशोब होता. तिथं असा विधी झाला की अंघोळ करून अंगावरचे कपडे तिथंच सोडायचे, नवीन नेसायचे आणि मागं वळून न बघता निघायचं. नदीकाठच्या पायऱ्यांवर ओल्या कपड्यांचा ढीग पडला होता. साड्या, धोतरं, कुणाची बंडी. सगळे एकात एक पिळलेले, त्यांच्यात सडकी झेंडूची फुलं आणि हिरवट बुळबुळ. वास असा, की मी ओढणी नाकाला लावली. एवढ्या लोकांनी आपापलं नकोसं आयुष्य इथं उतरवून ठेवलं होतं आणि तरातरा एसटीकडे निघून गेले होते.

ताईनं भिजलेला शालू सोडला आणि त्या ढिगावर न टाकता बाजूच्या कोरड्या पायरीवर घडी घालून ठेवला. आत्या ओरडली, “टाक की! घड्या कसल्या घालतीस?” ताई म्हणाली, “माझा आहे तो.” पण तो तिनं उचलला नाही. आम्ही निघालो. आत्यानं आम्हाला वळून बघू दिलं नाही.

आता एक अडचण उरली. लग्न झालंच नव्हतं, तर ही पोरगी शिक्षण संपल्यापासून करत काय होती? यावरही आत्याकडे उत्तर तयार होतं. “कॉम्प्युटरचा कोर्स केला म्हणायचं. घरात पेटी हायेच. चार दिवस हिला पेटीसमोर बसव, बटनं कशी दाबायची ते दाव.”

म्हणून ताई माझ्या शेजारी बसू लागली. मी तिला वर्ड दाखवलं, एक्सेल दाखवलं. ती जांभया द्यायची. मग एक दिवस तिनं माझ्या घरात डोकावून पाहिलं. घर नेमकं माश्यांच्या अवस्थेत होतं. ती बाई लाल पट्ट्या घेऊन ताटांच्या मध्ये उभी राहून रडत होती आणि बुवा सोफ्यावर बसला होता.

“थांब, पुसते सगळं,” मी म्हणाले. “डोळ्यांना बघवत नाही.”

“पुसल्यावर ही जाते कुठं?”

“कुठं जाणार? नसतेच ती.”

“आणि तुला आठवतं?”

“मला आठवतं ना. म्हणून तर पुढच्या वेळी मी कचऱ्याचा डबा आधी घेते.”

ताईनं खुर्ची स्क्रीनजवळ ओढली. मग म्हणाली, “म्हणजे शहाणी तू होतेस. नव्या घरात येते त्या बाईला मागचं काहीच ठाऊक नसतं. ती पुन्हा त्याच सोफ्याशेजारी ताटं घेऊन उभी.”

तिनं माउस माझ्या हातातून घेतला. एकेक ताट उचलायला लावलं, ओलं पुसायला लावलं, बाईला अंघोळीला पाठवलं. मला तो प्रकार बघवेना. नवीन घर एका क्षणात मिळत असताना हे उष्टं-खरकटं काढत कोण बसेल? मी उठून गेले. परत आले तेव्हा फरशी स्वच्छ होती आणि ताई त्या दोघांना समोरासमोर उभं करून ‘बोला’ हे बटण दाबत होती. बोलणं झालं की नात्याची पट्टी थोडी वर चढायची.

“इथं दिसतं तरी,” ती म्हणाली.

त्याच आठवड्यात तिनं आपलं म्हणणं घरात मांडलं. दुसरं लग्न करायला ती तयार होती. तिची एकच अट होती. बघायला येणाऱ्या मुलाला ती स्वतः एक प्रश्न विचारणार: घरात बायकोशी बोलता का?

आत्यानं कपाळावर हात मारला. “असं कोन इचारतं? अगं, कोऱ्या पोरीला हे सुचतं तरी का? इचारलंस की त्यांना लगेच समजंल.”

“समजू दे.”

“मग गेलं स्थळ! पोरीनं इचारलं तेवढंच सांगायचं. उलट काय इचारायचं नाय.”

आई रडली. वडील मळ्यात निघून गेले. ताईला त्या दीड वर्षानं शिकवलेली ही एकच गोष्ट होती, आणि ती घेऊन पुढं जायला तिला कुणी परवानगी देत नव्हतं. तिनं प्रश्न विचारायचा नाही, असं ठरलं. म्हणजे आत्यानं ठरवलं.

पाहुणे आले ते दिंडोरी रस्त्याचे. मुलाचं ठिबक सिंचनाचं दुकान होतं, थोडी द्राक्षबाग होती. मुलगा, त्याची आई, आणखी दोन-तीन माणसं. मुलगा नीटनेटका, खिशाला पेन. त्याची आई बोलकी आणि हसतमुख. पोहे झाले. आत्यानं कोर्सचं आख्यान लावलं. कुठला क्लास, कसले सर, किती अवघड परीक्षा. ती इतकं रंगवून सांगत होती की मलाच तो क्लास दिसायला लागला. मला स्वतःच्या घराची किळस आली. पाहुणे माना डोलवत होते. मुलाची आई म्हणाली, “हो का? वा वा. आजकाल पायजेच कॉम्प्युटर.”

मग तिनंच ताईला विचारलं, “काय काय येतं तुला त्यातलं?”

ताईनं हातातला ट्रे खाली ठेवला.

“काही येत नाही. कोर्स केलेला नाही. मी चांदवडला नांदत होते. दीड वर्ष. नवरा बोलायचा नाही, म्हणून परत आले.”

आत्याचा चेहरा पांढराफटक पडला. आई दारातच खाली बसली. मला वाटलं, आता ही मंडळी ताडकन उठणार. पण मुलाच्या आईनं शांतपणे चहाचा घोट घेतला.

“ठाऊक हाय आम्हाला,” ती म्हणाली. “चांदवडला आमची पाव्हनी हायेत. याचंबी पैलं मोडलंय, ते तुम्हाला ठाऊकच असंल.”

आत्यानं मान खाली घातली. तिलाही ठाऊक होतं. कोंबडं झाकलं म्हणून उजाडायचं थोडंच राहतं? खोलीत बसलेल्या सगळ्या मोठ्या माणसांना सगळं ठाऊक होतं, आणि तरी सगळ्यांनी मिळून त्या न केलेल्या कोर्सचं कौतुक करत पोहे खाल्ले होते. त्र्यंबकच्या त्या ढिगाशेजारी उभी असतानाही मला इतकी घाण वाटली नव्हती.

“आता ते मागचं काय बोलायचं नाय,” मुलाची आई ताईला प्रेमानं म्हणाली. “तू त्याचं इचारू नकोस, तो तुझं इचारनार नाय. दोघांनी नव्यानं सुरू करायचं. तुझं नवं नावबी काढून ठेवलंय आम्ही.”

त्या बाईच्या मनात खरंच काही वाईट नव्हतं. ती मोठ्या मनानं देत होती, आणि जे देत होती ते नेमकं ताईला नको होतं.

ताई मुलाकडे वळली. सरळ त्याच्या तोंडाकडे बघून तिनं विचारलं, “मला एकच विचारायचंय. तुम्ही घरात बायकोशी बोलता का?”

मुलगा गोंधळला. त्यानं पेन काढलं, परत खिशाला लावलं. सगळे त्याच्याकडे बघत होते. मलाही वाटत होतं, बोल रे बाबा, काहीतरी बोल, एक शब्द. तो आपल्या आईकडे वळला आणि हळूच म्हणाला, “आई, सांग ना तिला. बोलतो म्हणून.”

कुणी हसलं नाही. ताईनं मान हलवली, बश्या गोळा केल्या आणि आत गेली.

पाहुणे गेले. मग आत्यानं पदरानं तोंड पुसलं, सतरंजी झटकली आणि आईला म्हणाली, “ऱ्हाऊ दे. लय मनाला लावून घेऊ नको. हे पाव्हने आलेच नव्हते असं धरू. दुसरं बघू.”

“आले होते,” ताई आतून म्हणाली.