बोटभर उघडा खण

बटणांच्या दुकानात एखादी बाई बावीस वर्षं टिकली की तिला टोपणनाव चिकटतंच. हिला चिकटलं काजताई. कोटाचं नुसतं काज बघून ती सांगायची, "याला अठरा नंबर बसेल, आणि शिवणाऱ्याचं त्या दिवशी घरी भांडण झालं होतं." पहिली गोष्ट हटकून खरी निघायची. दुसरी तपासायला कुणी गेलं नाही, पण गिऱ्हाईक हसत हसत दोन बटणं जास्त न्यायचं.

दुकानाची मागची भिंत म्हणजे नुसते खण. जमिनीपासून छतापर्यंत तीनशे बारा. प्रत्येकाच्या तोंडावर एक नमुना टाचलेला, आणि आत त्याच जातीच्या पाच-सहा छटा. गडद निळं, चार भोकांचं, चौदा नंबर, एवढं कानावर पडलं की काजताईचा हात सरळ त्या खणावर जायचा. डोळे बांधले असते तरी गेला असता. धाकटे मालक त्या दुकानातच रांगायला शिकले, तरी शंखाची बटणं शोधताना अजून शिडी तीनदा हलवतात. हे गुपित आहे, म्हणजे फक्त सगळ्या बाजाराला ठाऊक आहे.

काजताईचं दुसरं एक गुपितही सगळ्या बाजाराला ठाऊक होतं. दुकानात लागायच्या आधी, बाविशीत, तिला आवाज ऐकू यायला लागले होते. कोण तरी भिंतीपलीकडून तिची निंदा करतंय, असे. डॉक्टरांनी स्किझोफ्रेनिया सांगितला, दोनदा दवाखान्यात राहावं लागलं, गोळ्या सुरू झाल्या. दोन वर्षांनी आवाज गेले ते गेलेच. तिच्या कानातून गेले, पण लोकांच्या कानातून काही गेले नाहीत. ती स्वतःशी गुणगुणली तरी लेसच्या गल्ल्यावरची लेसवाली मान वळवून बघायची, की हे हिचंच गाणं आहे की पलीकडून कुणी सांगतंय.

तिला अडायचं ते एकाच कामात, जोड लावण्यात. गिऱ्हाईक कोट घेऊन येतं, त्याचं एक बटण हरवलेलं असतं आणि तसंच्या तसं हवं असतं. मग वीस-तीस खण एकेक उघडायचे, उरलेलं बटण धरून बघायचं, लावायचे. काजताई पहिला उघडायची, तिसरा उघडायची, पाचवा उघडायची आणि पुन्हा पहिला. तितक्याच उमेदीनं, जणू आयुष्यात प्रथमच. बावीस वर्षांपूर्वी शिकलेली जागा पक्की, आणि चार श्वासांपूर्वी बघितलेली पुसून साफ.

इतकी वर्षं हे कुणाच्या ध्यानात कसं आलं नाही? थोरल्या मालकीणबाईंमुळे. त्या कोपऱ्यातल्या उंच स्टुलावर बसून लेसवालीच्या नणंदेपासून हवामानापर्यंत सगळ्यावर बोलायच्या आणि मधेच, श्वास न घेता, "तो झाला गं, खालचा बघ. तोही झाला. हां, तर ती नणंद काय म्हणाली..." बाईंना वाटायचं, आपण मालकी गाजवतोय. काजताईला वाटायचं, बाईंना गप्प बसवत नाही. एकीच्या डोक्यातलं काम दुसरीचं तोंड करतंय, हे दोघींच्याही गावी नव्हतं.

मग बाईंचे गुडघे गेले, त्या मुलीकडे राहायला गेल्या, स्टूल रिकामं झालं. पंधरा दिवसांत काजताईची फजिती सुरू झाली. एक शिंपी घड्याळ बघत म्हणाला, "ताई, हा खण तुम्हाला फार आवडलेला दिसतो." ती हसली. घरी जाऊन मात्र जेवली नाही.

पण काजताई हुशार. कुणाला न विचारता तिनं इलाज काढला. बघून झालेला खण पुरता लावायचा नाही, बोटभर बाहेर ठेवायचा. भिंतीकडे बघितलं की कळतं, इथे जाऊन आलो. जोड सापडली की सगळे एका दमात आत. काम पुन्हा चालू.

घोटाळा एवढाच होता की त्या दुकानात बोटभर बाहेर आलेल्या खणाला आधीपासून एक अर्थ होता: माल संपला. थोरल्या मालकांच्या वेळची पद्धत. संध्याकाळी धाकटे मालक वही घेऊन भिंतीवरून नजर फिरवायचे, बाहेर आलेले खण टिपायचे आणि मागणी पाठवायचे. काजताईला हे माहीत होतं, म्हणून ती संध्याकाळच्या आत आपले खण न चुकता लावायची.

एक दिवस बँडवाला आला. गणवेशाच्या कोटाचं पोटावरचं बटण बाजा वाजवताना फुंकरीच्या जोरानं उडालं, असं त्याचं म्हणणं. पोटाच्या जोरानं, असं लेसवालीचं. लालसर तपकिरी, घासून मऊ झालेलं, महाकठीण बटण. एकतिसाव्या खणात जोडीसारखं काहीतरी मिळालं. पण दुकानातल्या ट्यूबच्या उजेडात तपकिरीवर कुणी विश्वास ठेवत नाही, म्हणून काजताई आणि बँडवाला दोन्ही बटणं घेऊन दारात, दिवसाच्या उजेडात गेले. तेवढ्यात धाकट्या मालकांना कुठल्याशा जेवणाला लवकर जायचं होतं. केस विंचरून झाले होते, मिशीला रंगही ताजा होता. त्यांनी वही घेतली आणि भिंतीवरून नजर फिरवली. एकतीस खण बाहेर. एकतीस टिपले. एकाही खणात डोकावले नाहीत. आणि काजताई दारातून परतून खण लावायला लागली तोवर गाडी सुरू करून गेलेही.

नऊ दिवसांनी एकतीस खोकी आली. गावातल्या सगळ्या कोटांना पुढून लावून झाल्यावर पाठीवरही लावता येतील एवढी बटणं.

आता माणूस काय करेल? तिला हाक मारून विचारेल, "काजताई, हे काय झालं?" चार शब्दांचं काम. धाकट्या मालकांनी ते केलं नाही. त्यांनी तिच्या भावाला फोन केला.

संध्याकाळी ती घरी आली तर दादा सोफ्याच्या टोकावर बसलेला, परीक्षेचा निकाल लागल्यासारखा. वहिनी पाणी घेऊन उभी. या घरात काजताईला हातात पाणी मिळालं की समजावं, काहीतरी बिनसलंय.

"गोळ्या घेतेस ना?" दादा म्हणाला.

"का रे?"

"नाही, सहज."

"सहज तू मला भाजी आण म्हणतोस. गोळ्यांचं सहज नसतं."

वहिनीनं मधे तोंड घातलं. "अहो, सरळ सांगा की. दुकानात तिनं सगळे खण उघडे टाकले. स्वयंपाकघरातही मीठ शोधताना तोच डबा चारदा उघडते. मी म्हणत होतेच."

"कुणाला म्हणत होतीस वहिनी? मला तर कधी म्हणाली नाहीस."

दादानं घसा खाकरला. "आवाज परत सुरू झाले असतील, असं त्यांना वाटतं. उद्यापासून तू मागच्या खोलीत, पुड्या बांधायला. गल्ल्यावर नको. मी हो म्हटलंय."

काजताईच्या हातातला पेला तिथल्या तिथे टेबलावर आदळला. "तू हो म्हटलंस? नोकरी कुणाची? डोकं कुणाचं? सत्तेचाळीस वर्षांची बाई आहे मी! दुकानात मिशी रंगवणारा आणि घरात सोफा झिजवणारा, दोघांनी मिळून माझं ठरवलं, आणि मी कुठे होते? त्याच दुकानात, चार हातांवर, बटणं मोजत!"

"हे बघ, तू चिडलीस. डॉक्टर म्हणाले होते चिडचिड हे लक्षण..."

"मग तुझ्या बायकोला किती वर्षं लक्षणं आहेत?"

यावर वहिनी पाणी परत घेऊन गेली.

दुसऱ्या दिवशी मागची खोली. खिडकी नाही, खोकी छताला, एक टेबल, एक दिवा. पुढे शिंपी विचारतायत, "काजताई कुठायत?" आणि लेसवाली आवाज बारीक करून, म्हणजे रस्त्यापर्यंत जाईल इतकाच बारीक, सांगतेय, "बरं नाही त्यांना. ते आपलं... जुनं."

शनिवारी दादानं तिला दवाखान्यात नेलं. जुने डॉक्टर निवृत्त झाले होते. नवीन डॉक्टरीणबाईंनी आवाजांबद्दल विचारलं, झोपेबद्दल विचारलं आणि मग असा प्रश्न विचारला जो पंचवीस वर्षांत कुणी विचारला नव्हता. "आणि कामात नेमकं अडतं कुठे?"

तिनं खणांचं सांगितलं. डॉक्टरीणबाईंनी एक पाटीएवढा पडदा पुढे ठेवला. त्यावर आठ चौकटी, प्रत्येक फेरीला एकीत निळा ठिपका लपलेला. बोट लावून शोधायचा. जिथे एकदा सापडला तिथे पुन्हा लपत नाही, एवढीच अट. काजताईनं शोधला. पुन्हा शोधला. आणि जिथे मिळाला होता तिथेच परत परत बोट लावत राहिली. चौकटी रिकाम्या उघडत गेल्या.

"अगदी दुकानासारखं," ती पुटपुटली.

"यात वेडेपणा काही नाही," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "आत्ता कुठे बघून झालं हे घटकाभर मनात धरून ठेवावं लागतं. ते धरणं या आजारात बऱ्याच जणांचं सैल होतं. डोक्याला मार लागलेल्यांचं होतं, कंपवातात होतं. आवाज गेले तरी हे मागे राहू शकतं. बहुतेक पहिल्यापासूनच असणार. जुन्या आठवणी पक्क्या असतात, म्हणून कुणाला पत्ता लागत नाही. खण उघडा ठेवायचं तुम्हाला कुणी शिकवलं?"

"कुणी नाही."

"आम्ही हेच सांगितलं असतं. खूण बाहेर ठेवा."

दादा म्हणाला, "म्हणजे आवाज नाहीत?"

"नाहीत. खरं तर ही चौकशी फार आधी व्हायला हवी होती."

काजताईला बरं वाटायला हवं होतं. ती उलट पेटली. "पंचवीस वर्षं दर महिन्याला येते मी इथे. आवाज येतात का, नाही, पुढचा महिना. बस. लोकांना ज्याची भीती वाटते तेवढंच विचारलं सगळ्यांनी. मला ज्याचा त्रास होतो ते एकानंही नाही. मी स्वतःला ढिली समजत होते, बाई. रोज. मीठ सापडलं नाही की रोज."

डॉक्टरीणबाईंनी वाद घातला नाही. त्यांनी हेच मालकांसाठी एका कागदावर लिहून दिलं. तो घ्यायला दादानं हात पुढे केला. काजताईनं तो हात बाजूला सारून कागद आपल्या पिशवीत टाकला.

सोमवारी ती मागच्या खोलीत गेलीच नाही. पुढच्या गल्ल्यावर उभी राहिली. धाकट्या मालकांनी कागद दोनदा वाचला.

"ठीक आहे हो. पण काजताई, खण उघडे ठेवून कसं चालेल? ती आपली माल संपल्याची खूण आहे. बाबांच्या वेळपासूनची. तुम्ही दुसरं काही करा. चिठ्ठ्या लावा."

"तीस खणांना तीस चिठ्ठ्या लावून काढू? गिऱ्हाईक म्हातारं होईल. तुम्ही तुमची खूण बदला."

"आम्ही? सगळ्या दुकानानं?"

"का नाही? तुम्हाला नवीन खूण डोक्यात राहते ना? राहते. मला बघितलेला खण राहत नाही. मग ज्याला जमतं त्यानं बदलायचं की जिला जमत नाही तिनं? माल संपला की कडीला लाल दोरा बांधा. लेसवालीकडे ढीग पडलाय."

लेसवाली ढिगाकडे बघायला लागली.

धाकट्या मालकांनी मिशीवरून बोट फिरवलं, बोट काळं झालं. "बरं. दोरा बांधू. झालं समाधान? चला, कामाला लागा."

"नाही झालं."

दुकानात तीन शिंपी, एक शिवणकामाची मास्तरीण आणि लेसवाली. सगळ्यांचे हात थांबले.

"आठवडाभर तुम्ही यांना सांगताय की माझे आवाज परत आले. आता यांनाच सांगा की ते आले नाहीत. आणि एकतीस खोकी कशी आली तेही सांगा."

"अहो, कळलंय सगळ्यांना."

"कळलं नाही. एक माझ्या बोलण्यात आवाज शोधतेय, एक माझ्याकडून सुट्टे घेताना हात लांब करतोय. सांगा."

धाकटे मालक रिबिनींच्या रांगेकडे तोंड करून म्हणाले, "काजताईंची तब्येत चांगली आहे."

"रिबिनींना नको. माणसांना."

ते वळले. "तब्येत चांगली आहे त्यांची. आवाज बिवाज काही नाही. आणि त्या दिवशी खण जरा... गडबडीत..."

"कुणाच्या गडबडीत?"

"माझ्या," ते म्हणाले. "मी आत डोकावून बघितलं नाही."

कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. मास्तरीण आपली बटणं मोजायला लागली. काजताईनं पिशवी गल्ल्याखाली ठेवली आणि रागानं अजून लाल असलेल्या चेहऱ्यानंच पहिल्या शिंप्याला म्हणाली, "हं, दाखवा काय ते."