पडद्यामागून ऐकू गेलेलं हसू

बाळांनो, तुम्ही फोनवर पाठवलेला तो जुना मुका विनोदी सिनेमा मी पाहिला. हसू आलं का, असं तुम्ही विचारलंत. नाही आलं. का, ते सांगायचं राहिलं होतं. गेल्या महिन्यात माझी ताई गेली, म्हणून आता लिहिते.

महाराष्ट्र राज्य नुकतंच झालं होतं. मी बारा वर्षांची. वडील मोताळ्याला इंग्रजीचे मास्तर. कुणा साहेबाने मागे ठेवलेलं हाताने फिरवायचं सिनेमाचं यंत्र आणि दहा मिनिटांचं एकच रीळ त्यांच्याकडे होतं. बाजाराच्या दिवशी दुपारी, कापसाच्या रिकाम्या गोदामाची दारं लावून ते दाखवत. मधोमध पडदा म्हणून धोतर ताणलेलं. पडद्यापुढे पुरुष, पडद्यामागे बायका. आम्हाला चित्र उलटं दिसे, मधल्या पाट्यांची इंग्रजी अक्षरंही उलटी. ती वाचून बायकांना सांगायचं काम माझं.

त्या दिवशी ताई शेजारी होती. एकोणीस वर्षांची, आठ महिन्यांपूर्वी विधवा होऊन माहेरी आलेली. बुलढाण्याला शिक्षिकेचं शिक्षण घेण्यासाठी तिचा अर्ज मीच भरला होता. सासऱ्यांची सही तेवढी बाकी होती, त्यासाठीच ते रोहिणखेडहून आले होते. "सिनेमा झाला की करतो," म्हणाले. वडिलांनी त्यांना मानाने पुढे बसवलं.

चित्रात टोप्या विकणारा तरुण शिडी लावतो, मुलगी खिडकीतून उतरते, बाप काठी घेऊन धावतो. पाटीवर होतं, "बाबा, मला क्षमा करा." ताईने हसावं म्हणून मी बापाच्या जागी सासरा घातला आणि ओरडले, "मामाजी, मी चालली! तुमची भाकर तुमीच थापा!"

ताई हसली. तोंडाला पदर लावायचंही विसरली. पडद्यामागे आम्ही दिसत नाही, एवढंच आमच्या ध्यानात. आमचा आवाज पलीकडे ऐकू जातो, हे नाही.

पलीकडून सासऱ्यांचा आवाज आला, "माह्या पोराले जाऊन साल नाई झालं, अन् हिले हसू येऊन राह्यलं! ऊठ वं. पुरे झाली मास्तरीन व्हायची हौस."

वडील म्हणाले, "अहो, लहान पोरीचा चावटपणा तो."

"पोरगी तुमची हाय. सून माही हाय."

चारच्या बसने ते तिला घेऊन गेले. पुढे साठ वर्षं ती त्याच घरात राबली. मी शिकले, इंग्रजी शिकवलं. भेटलो की ती माझ्या शाळेतल्या मुलींबद्दल विचारायची. त्या दुपारचा विषय तिनेही काढला नाही, मीही नाही.

यंत्र मोडीत गेलं. रीळ डब्यात चिकटून गोळा झालंय. ताईच्या पेटीत तो अर्ज सापडला. माझं अक्षर अजून वाचता येतं. सहीची जागा कोरी आहे.