सजवलेल्या बैलाचा बॅकअप

आमच्या निरगुडसरच्या घरात सध्या एकच बैल आहे आणि तो प्लॅस्टिकचा आहे.

माझ्या लेकीला, ईश्वरीला, तो तिच्या मामाने दिला. वीतभर उंची, बुडाशी चिप. गेमच्या मशीनवर ठेवला की पडद्यावर येऊन शर्यतीत पळतो आणि कमावलेली ताकद चिपमध्ये साठते. दोन महिने राबून ईश्वरीने ताकद चाळिसावर नेली होती. रविवारी तिच्या पेठच्या आतेबहिणीच्या बैलाशी शर्यत ठरली होती. (तिचा बैल साठावर! बैलगाड्यांचा नाद असलेल्या बापाने हे कसं सोसावं?)

शनिवारी ईश्वरी शाळेत गेली तसा मी मोबाइल घेऊन बसलो. तो बैलाच्या बुडाला लावला की चिपमधली माहिती उतरवून ठेवता येते, बदलताही येते, हे मी व्हिडिओ बघून शिकलो होतो. व्हिडिओतला माणूस बजावत होता, "आधी बॅकअप घ्या!"

"बॅकअप म्हंजी काय रं?" माझ्या वडिलांनी, नानांनी विचारलं.

"फोटोच समजा. बैल बिघडला तर त्यावरनं परत जसाच्या तसा करायचा."

"आन् बोडक्या बैलाचा फोटो काढतो व्हय? झूल घातल्याबिगर, गुलाल टाकल्याबिगर आपल्यात कधी काढलाय? आधी सजव!"

मला ते शंभर टक्के पटलं! आधी खुराक दिला: ताकद चाळिसावरून थेट नऊशे नव्व्याण्णव. नाव ठेवलं 'घाटाचा राजा' (घाट म्हणजे आमच्याकडची शर्यतीची धावपट्टी). नानांनी गुलालाचं बोट लावलं. मग मी बॅकअप घेतला.

संध्याकाळी ईश्वरीने बैल मशीनवर ठेवला. मशीन म्हणालं, माहिती बिघडली आहे, सगळं पुसा.

"बाबा, काय केलं तुमी?"

"घाबरतीस काय? बॅकअप हाय!"

बॅकअप चिपवर चढवला. मशीनचं तेच म्हणणं. पुन्हा चढवला, पुन्हा तेच! तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. खुराक दिला तेव्हाच बैल बिघडला होता आणि मी त्या बिघडलेल्या बैलाचाच फोटो काढला होता.

ईश्वरी हमसून हमसून रडली आणि मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. शेवटी पुसावंच लागलं. पडद्यावर ताकद फक्त एक असलेलं वासरू उभं राहिलं.

रविवारी शर्यत सुटली तरी ते शेपूट हलवत रेषेवरच उभं! आतेबहीण जिंकली, पोहे खाऊन घरीही गेली.

तेव्हापासून शिक्षा म्हणून रोज मीच त्याला पळवतो. काल ईश्वरीने विचारलं, "नाना, शिकंल ना ते?"

"वासरू शिकंल गं," नाना माझ्याकडे बघत म्हणाले, "बैलाचं काय सांगता येत न्हाई."